जुन्या वस्तूंचा पारखी

कुंडलिका नदीच्या एका तीरावर रोहे आणि दुसऱ्या तीरावर अष्टमी वसलेली आहे. अशा गावांतील एखाद्या जुन्या घराच्या माळ्यावर काळवंडलेली समई, गंजलेला अडकित्ता, पितळेची दौत अशा वस्तू धूळ खात पडलेल्या असतात. मोडीचा व्यापारी येतो, त्या तागडीत घालतो आणि वजनाप्रमाणे पैसे देतो. त्याच्या लेखी ते नुसते पितळ असते. पण तीच समई जाणत्याच्या हाती पडली, तर तिची घडण व तिच्यावरील झीज पाहून तो तिचा इतिहास सांगू लागतो. अशा जाणत्यास पारखी म्हणतात.

महाराष्ट्रात असा एक थोर पारखी होऊन गेला. त्यांचे नाव दिनकर गंगाधर केळकर. त्यांचा जन्म १० जानेवारी १८९६ रोजी झाला. पुण्यात त्यांचा चष्म्यांचा व्यवसाय होता, आणि 'अज्ञातवासी' या नावाने ते कविता लिहीत. इतिहासाची त्यांना विलक्षण ओढ होती. १९२० च्या सुमारास त्यांनी जुन्या वस्तू जमविण्यास प्रारंभ केला. राजेरजवाड्यांची शस्त्रे व दागिने जपणारे पुष्कळ असतात. परंतु स्वयंपाकघरातील किसणी, देव्हाऱ्यातील दिवा, स्त्रियांची फणेरपेटी यांना कोण विचारतो? काकासाहेबांनी नेमक्या त्याच वस्तू मोलाच्या मानल्या. सामान्य माणूस कसा राहत होता, हे त्या वस्तूंवाचून दुसरे कोण सांगणार? त्यांसाठी ते गावोगाव हिंडले. पत्नी कमलाबाई यांनीही त्यांस या कार्यात मनापासून साथ दिली.

पारख्याची दृष्टी सरावाने तयार होते. अडकित्ता खरोखर वापरलेला असेल, तर जेथे बोटे टेकतात तेथेच तो गुळगुळीत झालेला असतो. नव्या वस्तूला जुनेपणाचे सोंग देणारा मनुष्य तिला सर्वत्र सारखीच काळी करतो; काळ मात्र असे करीत नाही. जेथे हात फिरतो तेथे झळाळी राहते आणि खाचेत मळ साठतो. हा फरक ज्याला ओळखता येतो, तो फसत नाही.

काकासाहेबांचा राजा नावाचा मुलगा बालवयातच वारला. त्या दुःखाने खचून न जाता त्यांनी आपल्या संग्रहाला राजाचे नाव दिले. पुण्याच्या शुक्रवार पेठेतील 'राजा दिनकर केळकर संग्रहालय' ते हेच. कोथरूड येथील मस्तानीच्या महालाचे अवशेष तेथे आणून पुन्हा उभारलेले आहेत. संग्रहात २०,००० हून अधिक वस्तू आहेत. त्या विकल्या असत्या, तर काकासाहेब धनवान झाले असते. परंतु १९७५ साली त्यांनी हा सारा ठेवा महाराष्ट्र शासनाच्या स्वाधीन केला. किंमत सांगता येत असूनही त्यांनी ती मागितली नाही. १९८० साली त्यांस 'पद्मश्री' मिळाली. १७ एप्रिल १९९० रोजी ते निवर्तले.

परदेशातही पारख्यांना मान आहे. इंग्लंडमध्ये १९७९ साली दूरचित्रवाणीवर 'अँटिक्स रोडशो' हा कार्यक्रम सुरू झाला. त्यात लोक घरातील जुन्या वस्तू आणतात आणि जाणकार त्यांचे वय व किंमत सांगतात. भारतात १९७२ च्या कायद्याप्रमाणे शंभर वर्षांहून अधिक जुन्या मूर्ती, नाणी, कलाकुसरीच्या वस्तू इत्यादींना पुरावस्तू मानले जाते, आणि त्या खाजगी व्यक्तीस परदेशी नेता येत नाहीत. हा ठेवा साऱ्या समाजाचा आहे, अशी त्यामागील भावना आहे.

मात्र कायदा माळ्यावर चढून पाहत नाही. तेथे घरच्याच माणसांची दृष्टी हवी. मोडीत एकदा वितळलेली समई पुन्हा घडत नाही. म्हणून तागडी दारी येण्यापूर्वी घरातील वडीलधाऱ्यांना एकच विचारावे: ही वस्तू कोणाची आणि कोठून आली? त्यांचे उत्तर ऐकणे हीच पारखीची पहिली पायरी होय.

स्वाध्याय
१. काकासाहेबांनी सामान्य घरांतील वस्तू मोलाच्या का मानल्या?
२. खरी जुनी वस्तू व सोंग दिलेली वस्तू यांतील फरक लिहा.
३. आपल्या घरातील एका जुन्या वस्तूची हकीकत वडीलधाऱ्यांना विचारून दहा ओळींत लिहा.