सूत्रसंघाबद्दल चिमूस

चि. चिमूस,


तुझ्या कादंबरीची पहिली चार प्रकरणं वाचली. धाग्यातून जादू विणणाऱ्या साधकांचा सूत्रसंघ मला मनापासून आवडला. बोटांनी रंग ओळखणारी ती आंधळी गुरू तर वाचून झाल्यावरही डोळ्यांसमोरून हलत नाही. पण तुझ्या साधकांना सगळं फार स्वस्तात मिळतं. बोट उचललं की धागा झेपावतो, मंत्र म्हटला की शत्रू जखडला जातो. असंच असेल तर धागाच कशाला हवा? चिमूटभर भस्मानेही भागलं असतं. तुझ्या जादूला मागाचे नियम लागू कर, एवढंच मला सांगायचं आहे.

त्यासाठी येवल्याला जा आणि पैठणीच्या मागाशेजारी दिवसभर बस. उभे धागे, म्हणजे ताणा, विणायला बसण्याआधीच भरलेला असतो. नवा ताणा लावताना जुन्याच्या एकेका टोकाला नव्याचं एकेक टोक जोडत जातात. त्याला सांधणी म्हणतात. धागे हजारो, आणि प्रत्येक धागा आपल्या जागी यायला हवा. एकदा विणायला बसलं की ताण्याचा रंग बदलता येत नाही. विणकराची मोकळीक असते ती आडव्या धाग्यात, बाण्यात. पदरावर मोर काढताना प्रत्येक रंगाची छोटी कांडी वेगळी. निळा जिथे संपतो तिथे त्याला शेजारच्या हिरव्यात अडकवायचं, मागे फिरवायचं, आणि पुढच्या ओळीला पुन्हा तेच. म्हणून हाताने विणलेला असा पदर उलटून पाहिला तरी मागे लोंबते धागे दिसत नाहीत, मोर दोन्हीकडून मोरच असतो. भरगच्च पदर दिवसभरात जेमतेम काही बोटं पुढे सरकतो.

हे सगळं तुझ्या संघात येऊ दे. साधकाचा ताणा दीक्षेच्या वेळीच भरला जावा, ऐन लढाईत त्याला तो बदलता येऊ नये. नव्या शिष्येचे धागे गुरूच्या उरलेल्या टोकांना सांधले जावेत, म्हणजे गुरूने चुकीच्या जागी ओवलेला धागाही तिच्या वाट्याला येईल. आणि उसवायचं तर शेवटच्या ओळीपासून मागे मागे यावं लागतं, मधलीच एक ओळ काढून घेता येत नाही. तुझी नायिका भावाला वाचवायला सात वर्षांपूर्वीची एकच गाठ सोडते, तिथे मी अडले. त्या गाठीनंतर जे जे विणलं गेलं ते तिला आधी उसवावं लागेल, आणि तिची मुलगी त्यानंतरची आहे. हा प्रसंग लिहिताना तुला जड जाईल. तरी तो टाळू नकोस, तुझी कादंबरी तिथेच आहे.

तू वाचतेस त्या इंग्रजी कादंबऱ्या जरूर वाच, पण महाभारताच्या आदिपर्वातला उत्तंकही पाहा. तक्षकाने पळवलेल्या कुंडलांमागे तो नागलोकात उतरतो, तेव्हा त्याला दोन स्त्रिया मागावर काळे-पांढरे धागे विणताना दिसतात. सहा कुमार एक चक्र फिरवत असतात. त्या स्त्रिया धाता आणि विधाता, धागे म्हणजे रात्र आणि दिवस, कुमार म्हणजे ऋतू, हे त्याला गुरूंकडून नंतर कळतं. कुंडलांच्या भानगडीत त्या पडत नाहीत, विणत राहतात. तुझ्या साधकांपैकी एकीला तरी हा स्थिरपणा दे.

संघाचा खर्च कोण चालवतं, हेही तू कुठे लिहिलेलं नाहीस. दक्षिण अमेरिकेतल्या इंका साम्राज्यात असा संघ खरोखर होता. लहानपणीच निवडून आणलेल्या मुली, अक्ल्याकुना, बंद वाड्यांत राहून सूत कातत आणि कुम्बी नावाचं अतितलम कापड विणत. राजा ते मर्जीतल्या लोकांना बहाल करी, काही देवांपुढे जाळलंही जाई. त्या मुलींची निवड राज्याने केली होती, त्यांनी राज्याची नव्हे. तुझ्या संघाचं कापड शेवटी कुणाच्या अंगावर जातं? रेशीम उकलणारे, रंगवणारे, कांड्या भरणारे कुठे आहेत? तुझ्याकडे नुसते विणणारेच दिसतात. एक प्रकरण रंगाऱ्याला दे. काळ्या धाग्याला किती रंग लागतो हे त्याच्याइतकं कुणालाच ठाऊक नसणार, आणि संघावर राग धरायला त्याच्याकडे कारणही असेल.

येवल्यात विचारल्याशिवाय ताण्याला हात लावू नकोस, घामट बोटांचा डाग रेशमावर बसतो. विणकर धागे मोजत असेल तेव्हा गप्प राहा, कांडी बदलायला थांबला की विचार. उजेडाच्या आड बसू नकोस. पाचवं प्रकरण तिथून आल्यावरच लिहायला घे, आणि भावाचा प्रसंग नव्याने लिहिलास की आधी तेवढी पानं मला पाठव.

तुझी,
मावशी