वेम्ब्लीच्या पायऱ्या

इंग्लंडच्या ईशान्येस डरहॅम नावाचा परगणा आहे. एके काळी तेथे जिकडे तिकडे कोळशाच्या खाणी होत्या. खाणींच्या आधाराने वसलेल्या गावांतून फुटबॉलइतकी लोकप्रिय करमणूक दुसरी नव्हती. हेटन-ल-होल हे अशांपैकीच एक गाव. तेथे २३ जानेवारी १९१९ रोजी एका खाणकामगाराच्या घरी बॉब पेस्लीचा जन्म झाला. शाळा संपल्यावर बॉबने गवंडीकामाची उमेदवारी पत्करली. ओळंबा धरून विटेवर वीट बसवावी, आणि सुटी मिळताच चेंडूमागे धावावे, असा त्याचा क्रम होता. बिशप ऑकलंड या हौशी संघात त्याला जागा मिळाली. १९३९ साली या संघाने हौशी संघांसाठी असलेला राष्ट्रीय चषक जिंकला, आणि त्याच वर्षी मे महिन्यात लिव्हरपूलच्या धंदेवाईक संघाने त्याला आपल्याकडे घेतले.

परंतु सप्टेंबरात दुसरे महायुद्ध सुरू झाले आणि चेंडू बाजूला राहिला. पेस्ली तोफखान्यात भरती झाले. उत्तर आफ्रिकेच्या वाळवंटातून इटलीपर्यंत ते लढत गेले. ज्या आठव्या सेनेत ते होते, तिच्याच झेंड्याखाली इटलीत मराठा पलटणीही लढत होत्या. नाईक यशवंत घाडगे यांना वीरमरण आले ते १९४४ च्या जुलैत, याच रणभूमीवर. त्याच्या आदल्या महिन्यात रोम शहर मुक्त झाले, तेव्हा पेस्ली एका रणगाड्यावर बसून त्या शहरात शिरले होते.

युद्ध संपल्यावर ते लिव्हरपूलच्या संघातून खेळू लागले. अंगाने ठेंगणे पण काटक असे हे खेळाडू मैदानाच्या मध्यभागी डावी बाजू सांभाळीत. १९४७ साली लिव्हरपूलने साखळी स्पर्धा जिंकली, तिच्यात त्यांचा वाटा होता. एक गोष्ट मात्र त्या संघाला कधीच साधली नव्हती. इंग्लंडचा सर्वांत जुना आणि मानाचा फुटबॉल चषक लिव्हरपूलने तोवर एकदाही जिंकला नव्हता.

१९५० साली ती संधी चालून आली. उपान्त्य सामना एव्हर्टनशी होता. एव्हर्टन म्हणजे त्याच शहरातील प्रतिस्पर्धी. एकाच घरातील दोन भावांनी दोन संघांचे पक्ष घ्यावेत, अशी तेथील रीत. त्या सामन्यात पहिला गोल पेस्ली यांनी केला आणि लिव्हरपूलने दोन गोलांनी विजय मिळवला. आता अंतिम सामना लंडनमधील वेम्ब्ली क्रीडांगणावर व्हावयाचा होता.

वेम्ब्लीची एक प्रथा येथे सांगितली पाहिजे. जुन्या वेम्ब्ली क्रीडांगणात चषक खाली मैदानावर दिला जात नसे. सामना संपला, की खेळाडू ३९ पायऱ्या चढून मान्यवरांच्या सज्जापर्यंत जात. विजयी संघाचा नायक तेथे चषक स्वीकारी आणि तो उंच धरी. खाली लाखभर प्रेक्षक जयघोष करीत. त्या पायऱ्या एकदा तरी चढावयास मिळाव्यात, हे इंग्लंडमधील प्रत्येक खेळाडूचे बालपणापासूनचे स्वप्न असे.

मध्यंतरी पेस्ली यांच्या गुडघ्याला दुखापत झाली होती, पण अंतिम सामन्याच्या सुमारास ते बरे झाले होते. तथापि अकरा जणांची यादी जाहीर झाली, तेव्हा तिच्यात त्यांचे नाव नव्हते. त्या काळी राखीव खेळाडू सामन्यात उतरविण्याची सोय नव्हती. अकरांत जो नाही, तो केवळ प्रेक्षक. २९ एप्रिल १९५० रोजी आर्सेनल संघाने लिव्हरपूलचा दोन गोलांनी पराभव केला, आणि ज्याच्या गोलाने संघाला या दिवसाची वाट मोकळी झाली होती, तो खेळाडू काठावर बसून ते पाहत राहिला.

मनाला लागण्यासारखीच ही गोष्ट होती. संघ सोडून जावे, असा विचारही पेस्ली यांच्या मनात येऊन गेला. पण ते गेले नाहीत. आणखी चार वर्षे ते तेथेच खेळले. १९५४ मध्ये खेळ थांबवल्यावरही त्यांनी लिव्हरपूल सोडले नाही. दुखापतींवरील उपचारांचा अभ्यास करून ते त्याच संघाचे सेवक झाले. खेळाडूंचे सुजलेले घोटे शेकावेत, राखीव संघाला तालीम द्यावी, दररोजच्या सरावाची वहीत नोंद ठेवावी, अशी ती कामे. यांत टाळ्या वाजविणारे कोणी नसते. पण वीस वर्षे दुसऱ्यांचे पाय तपासता तपासता त्यांची दृष्टी इतकी तयार झाली, की एखादा खेळाडू चालताना पाहूनच त्याला कोठे दुखते आहे, ते त्यांच्या ध्यानात येई.

१९५९ च्या अखेरीस बिल शँक्ली हे लिव्हरपूलचे व्यवस्थापक झाले. शँक्ली मोठे वक्ते. त्यांच्या एकेका वाक्याने प्रेक्षकांच्या अंगावर रोमांच उभे राहत. पेस्ली याच्या अगदी उलट. बोलताना त्यांना नावे आठवत नसत, आणि शब्द सापडला नाही की आपण जसे ‘ते हे’ म्हणून वेळ मारून नेतो, तसे तेही करीत. प्रेक्षकांच्या सज्जाखाली बूट ठेवण्याची एक लहानशी खोली होती. तेथे पेस्ली आणि त्यांचे सहकारी बसत आणि कोण थकला आहे, कोणाची जागा बदलावी, याचा ऊहापोह करीत. लिव्हरपूलच्या पुढील विजयांचे मूळ पुष्कळसे त्या कोंदट खोलीत आहे.

१९६५ साली लिव्हरपूल पुन्हा वेम्ब्लीवर आले. प्रतिस्पर्धी लीड्सचा संघ. सामना सुरू होऊन काही मिनिटेच झाली होती, तोच जेरी बर्न हा खेळाडू धडक बसून पडला. पेस्ली धावत गेले. बर्नच्या गळ्याजवळचे हाड मोडले आहे, हे त्यांनी तेथेच ओळखले. बदली खेळाडू घेण्याचा नियम अद्याप झाला नव्हता. ही गोष्ट प्रतिपक्षाला कळू द्यावयाची नाही असे ठरले, आणि बर्न तसाच उभा राहिला. नव्वद मिनिटांत गोल झाला नाही. जादा वेळ खेळावा लागला, तोही तो खेळला. लिव्हरपूलचा पहिला गोल झाला तो बर्ननेच पुढे टाकलेल्या चेंडूवर. सामना लिव्हरपूलने २-१ असा जिंकला. असा हट्ट आजचे वैद्य मुळीच चालू देणार नाहीत, आणि ते योग्यच आहे. त्या दिवशी खेळाडू पायऱ्या चढून गेले. पेस्ली खालीच होते.

जुलै १९७४ मध्ये शँक्ली यांनी एकाएकी निवृत्ती घेतली. संचालकांनी ते पद पेस्ली यांना देऊ केले. त्या वेळी त्यांचे वय ५५ वर्षांचे होते आणि त्यांना ते पद नको होते. तसे त्यांनी खेळाडूंनाही सांगितले. पहिल्या वर्षी संघाला एकही चषक मिळाला नाही. शँक्लींची सर यांना येणार नाही, असे वाटण्याजोगीच ही सुरुवात होती.

पण पाहण्याची विद्या आता उपयोगी पडू लागली. रे केनेडी हा आघाडीला खेळणारा खेळाडू. त्याचा खरा उपयोग मध्यभागी डावीकडे आहे, हे पेस्ली यांनी हेरले आणि त्याला मागे आणले. तेथे तो इंग्लंडच्या राष्ट्रीय संघात जाण्याइतका नावारूपास आला. १९७६ पासून लिव्हरपूलने साखळी स्पर्धा सहा वेळा जिंकली. १९७८-७९ च्या हंगामातील ४२ सामन्यांत त्यांच्यावर केवळ १६ गोल झाले.

संघाची निवड मात्र आता पेस्ली यांच्याच हाती होती. मे १९७७ मध्ये वेम्ब्लीवरील अंतिम सामन्यात लिव्हरपूल मँचेस्टर युनायटेडकडून हरले. चारच दिवसांनी रोम येथे युरोपच्या चषकाचा अंतिम सामना होता. पेस्ली यांनी संघात बदल केला. तरुण डेव्हिड जॉन्सनला वगळून इयन कॅलाहन या जुन्या खेळाडूला घेतले. अंतिम सामन्यातून वगळले जाणे म्हणजे काय, हे त्यांच्याइतके कोणाला ठाऊक असणार? तरीही त्यांनी वगळले. त्यांना दुःख ठाऊक होते म्हणून त्यांचा निर्णय मऊ झाला नाही. मात्र ज्याला बाहेर बसवावे लागे, त्याची अवस्था आपल्याला समजते, असे ते खऱ्या अनुभवाने म्हणू शकत. त्या दिवशी जर्मनीच्या मोंशनग्लाडबाख संघावर लिव्हरपूलने ३-१ असा विजय मिळवला. रणगाड्यावरून पाहिलेल्या शहरात ३३ वर्षांनी पेस्ली यांना युरोपचा चषक मिळाला. त्या रात्री सारे जल्लोषात असताना त्यांनी मद्याला स्पर्शही केला नाही. तो क्षण त्यांना पूर्ण शुद्धीत अनुभवावयाचा होता.

१९७८ आणि १९८१ सालीही तो चषक लिव्हरपूलकडेच आला. तीन वेळा तो जिंकणारे पेस्ली हे पहिलेच व्यवस्थापक. १९८१ मध्ये पॅरिस येथे झालेल्या अंतिम सामन्यात डेव्हिड जॉन्सन अकरांत होता.

१९८२-८३ हा आपला अखेरचा हंगाम, असे पेस्ली यांनी आधीच जाहीर केले होते. २६ मार्च १९८३ रोजी लीग चषकाच्या अंतिम सामन्यासाठी लिव्हरपूल वेम्ब्लीवर उतरले. प्रतिस्पर्धी मँचेस्टर युनायटेडच होते. लिव्हरपूलने २-१ असा विजय मिळवला. चषक घेण्यासाठी संघनायक ग्रॅम सूनेस याने पुढे जावयाचे, हा रिवाज. पण सूनेस थांबला आणि त्याने पेस्ली यांना पुढे होण्यास सांगितले. वेम्ब्लीच्या पायऱ्या चढून चषक स्वीकारण्याचा मान तोवर कोणत्याही व्यवस्थापकाला मिळाला नव्हता. ६४ वर्षांचे पेस्ली ३९ पायऱ्या चढून वर गेले आणि त्यांनी तो चषक आपल्या हातांत घेतला.