चक्कर आली म्हणजे पित्तच झालं असं नाही

सूनबाई, आपल्या माळ्यावर कुणाला काही झालं की रात्री-अपरात्री आपलंच दार वाजतं. परळच्या इस्पितळातली सिस्टर म्हणून इतकी वर्षं ते मी उघडलं. आता माझे गुडघे उठू देत नाहीत, तेव्हा उघडणार तू. छातीत दुखणं, फिट येणं, भाजणं हे सगळं तुला पाठ आहे. एक दुखणं मात्र नीट सांगायचं राहिलंय, कारण ते भलतंच फसवं. माणूस म्हणतो, "गरगरतंय, मळमळतंय." घरचे म्हणतात, "पित्त खवळलं." कुणी लिंबू पिळतं, कुणी कपाळाला बाम चोळतं. आणि तोवर मेंदूच्या मागच्या भागाचं रक्त अडलेलं असतं.

तोंड वाकडं, हात लुळा, बोलणं अडखळतंय, म्हणजे लकवा. एवढं आता शाळेतली पोरंही सांगतात. पण त्यातलं बरंचसं मेंदूच्या पुढच्या भागाचं. मेंदूत रक्त चार नळ्यांनी जातं. दोन गळ्याच्या पुढून चढतात. दोन मानेच्या मणक्यांमधल्या भोकांतून वर जातात आणि कवटीत शिरल्यावर मिळून एक होतात. चाळीला पुढचा जिना असतो तसा मागचाही असतो. सगळ्यांचं लक्ष पुढच्यावर. आपला तोल, डोळ्यांची हालचाल, गिळणं, श्वास, शुद्ध ही सगळी कामं मागच्या वाटेच्या रक्तावर चालतात. गुठळी अडकून येणाऱ्या दर पाच झटक्यांतला साधारण एक या वाटेवरचा असतो. म्हणून दोन्ही हात वर उचलता आले, हसताना तोंड सरळ राहिलं, एवढ्यावर निर्धास्त व्हायचं नाही.

आधी विचारायचं, चक्कर कधी सुरू झाली आणि कशी. कूस बदलली की गरगरतं, मिनिटभरात थांबतं, मधल्या वेळात माणूस ठणठणीत, तर बहुतेक कानाचं असतं. चक्कर येणारे बरेच जण याच जातीचे, तेव्हा उगाच घाबरवायचं नाही. पण चक्कर एकाएकी सुरू झाली, थांबायचं नाव घेत नाही, आणि जोडीला आणखी काही आहे, तर थांबायचं नाही. जोडीला म्हणजे काय, ते एकेक करून विचार. एकाचे दोन दिसतात का? जीभ जड झालीय का? घोट अडकतो का? आवाज एकदम घोगरा झालाय का? मानेच्या मागे कधी नव्हती अशी कळ आहे का? एका बाजूचं दिसेनासं झालंय का? हे शेवटचं माणसाला स्वतःला कळत नाही. तो नुसता दाराच्या चौकटीला धडकत राहतो, किंवा समोरचा पेला घ्यायला जाऊन भलतीकडेच चाचपडतो.

मग त्याला बसता येतं का बघ. बसला, तर दोघांनी दोन्हीकडून धरून उभं करायचं. कानाच्या चकरेत माणूस डुलतो, पण धरून धरून का होईना चालतो. हात-पायांत ताकद असूनही आधाराशिवाय बसता येत नाही, किंवा उभं केलं की झाड कलावं तसा एकाच बाजूला जातो, तर वाद घालत बसू नकोस. इस्पितळच. चालता आलं आणि वरचं एखादं लक्षण आहे, तरीही इस्पितळच.

वरच्या माळ्यावरच्या एका गिरणी कामगाराचं तुला सांगते. सकाळी अंघोळीला बसला. तांब्या अंगावर घेतला तर उजव्या अंगाला पाणी कोमट, डाव्याला चटका. बायकोला ओरडला, "पाणी नीट विसण का नाही?" तिने हात घालून पाहिलं, पाणी सारखंच कढत. थोड्या वेळाने उचकी लागली ती थांबेना. चहाचा घोट नाकातून आला. मी गेले तर डावी पापणी किंचित खाली आलेली, चेहऱ्याची डावी बाजू बधिर. दोन्ही हात त्याने फटाफट उचलून दाखवले, "बघा, मला काही झालं नाही!" मेंदूच्या देठाच्या खालच्या टोकाला, डाव्या कडेला, रक्त अडलं की नेमकं हेच होतं: तोंड डावीकडचं बधिर आणि अंग उजवीकडचं. वालेनबर्ग नावाच्या जर्मन डॉक्टरने १८९५ साली हे लिहून ठेवलंय, म्हणून या दुखण्याला आजही त्याचं नाव आहे. तेव्हा तक्रार कितीही चमत्कारिक वाटली तरी हसण्यावारी नेऊ नकोस. "अर्ध्या अंगाला पाणी गरम लागत नाही" म्हणणारा माणूस खुळा नसतो.

झटक्याचा संशय आला की तोंडातून काही द्यायचं नाही. पाणी नाही, साखर नाही, मोरावळा नाही, आणि गोळी तर मुळीच नाही. गिळणं बिघडलेलं असेल तर दिलेलं सगळं छातीत उतरतं. ॲस्पिरिनचं धाडस करू नकोस. आत रक्तस्राव आहे की गुठळी, हे स्कॅन झाल्याशिवाय देवालाही सांगता येत नाही. बीपी वाढलेलं दिसलं म्हणून घरच्या घरी गोळी देऊन उतरवायचं नाही. मोबाइलवर फिरतं तसं बोटांना सुई टोचून रक्त काढणं तर अजिबात नाही. घरात मशीन असेल तर शुगर बघून आकडा लिहून ठेव, कारण शुगर उतरली तरी माणूस असाच दिसतो. उलट्या होत असतील तर कुशीवर झोपव.

घड्याळ बघायचं. "कधी कळलं?" असं विचारू नकोस, "शेवटचा धड कधी होता?" असं विचार. झोपेतून उठल्यावर कळलं असेल तर झोपतानाची वेळ धरतात. गुठळी विरघळवणारं इंजेक्शन साधारण साडेचार तासांच्या आत द्यावं लागतं. मागची मोठी नळी बंद असेल तर मांडीतून किंवा मनगटातून तार घालून गुठळी ओढून काढतात. काहींच्या बाबतीत ते चोवीस तासांपर्यंतही करतात. चीनमधल्या दोन चाचण्यांतून २०२२ साली त्याचा चांगला फायदा दिसला. पण वेळ आहे म्हणून रेंगाळायचं नाही. जितका उशीर, तितका मेंदू जातो.

१०८ ला फोन करशील तेव्हा "चक्कर आलीय" म्हणू नकोस. "पॅरालिसिसच्या झटक्याचा संशय आहे, तोल गेलाय, दोन-दोन दिसतंय" असं सांग. इस्पितळाच्या दारातही हेच शब्द. आणि जिथे रात्रीसुद्धा सीटी, एमआरआय आणि न्यूरोचे डॉक्टर आहेत तिथेच न्यायचं. कोपऱ्यावरच्या नर्सिंग होममध्ये सलाइन लावून सकाळची वाट बघायची नाही. आपल्याला केईएम जवळ. गिरगावातल्या आत्यांना नायर किंवा जेजे. तुझ्या माहेरच्यांना प्रभादेवीहून पलीकडे यायचं म्हणजे पूर्वी एल्फिन्स्टनचा पूल होता. तो सप्टेंबर २०२५ मध्ये पाडायला म्हणून बंद झाला. नवा होईपर्यंत दादरचा टिळक पूल नाहीतर करी रोडचा पूल. तो रस्ता त्यांनी आजच ठरवून ठेवावा, रात्री दोन वाजता नव्हे.

इस्पितळात गेल्यावर सीटी नॉर्मल आला की घरच्यांचा जीव भांड्यात पडतो. तू पडू देऊ नकोस. रक्तस्राव सीटीत दिसतो, पण मागच्या भागातली ताजी गुठळी त्यात बऱ्याचदा दिसतच नाही. पहिल्या दिवसाचा एमआरआयसुद्धा कधी कधी चकवतो. भांडायचं नाही. नम्रपणे एकच म्हणायचं, "डॉक्टर, घरी पाठवण्याआधी त्यांना एकदा चालवून बघाल का?" चालता येत नसलेल्या माणसाला चकरेच्या गोळ्या देऊन घरी आणायचं नाही.

दाखल करून घेतलं की दुसरा, तिसरा, चौथा दिवस जपायचा. लहान मेंदूला सूज आली तर शेजारच्या देठावर दाब येतो. काल गप्पा मारणारा माणूस आज पेंगायला लागला, डोकं ठणकतंय म्हणाला, पुन्हा उलट्या सुरू झाल्या, तर "दमलाय, झोपू दे" म्हणू नकोस. तडक सिस्टरला हाक मार. वेळेत ऑपरेशन केलं तर अशी माणसं वाचतात आणि पुष्कळदा चांगली सावरतात.

आणि पेशंटच्या उशाशी तोंड सांभाळायचं. देठाचा मोठा भाग गेला तर माणूस लाकडासारखा पडून असतो, पण आत सगळं ऐकत असतो, समजत असतो. फ्रान्समधल्या 'एल' मासिकाचा संपादक बोबी, त्याला डिसेंबर १९९५ मध्ये असाच झटका आला. पुढे नुसती डावी पापणी मिटून, एकेक अक्षर निवडून, त्याने अख्खं पुस्तक सांगितलं. म्हणून खोलीच्या वाटणीच्या गोष्टी तिथे नकोत. "ऐकू येत असेल तर वर बघा" असं म्हणून बघ आणि उत्तराची वाट बघ.

पाच-दहा मिनिटांत आपोआप बरं वाटलं तर लोक इस्पितळ टाळतात. तो इशारा असतो, आणि पहिले दोन दिवस सगळ्यात धोक्याचे. त्याच दिवशी दाखवायचं. तरुण पोरांनाही एक सांग: केस कापल्यावर सलूनवाल्याकडून मान कडाकडा मोडून घ्यायची नाही. त्या झटक्याने मणक्यातल्या नळीचं आतलं अस्तर फाटू शकतं. पार्लरच्या बेसिनवर मान मागे टाकून केस धुतल्यावर बायकांना असा त्रास झाल्याचं एका अमेरिकन डॉक्टरने १९९३ सालीच लिहिलंय. बाकी बीपीची गोळी, शुगर, मशेरी यांवर माझं व्याख्यान तू रोजच ऐकतेस.

राहिला जिना. आपल्या लाकडी जिन्याच्या वळणावर स्ट्रेचर वळत नाही. शुद्धीवर असलेल्या माणसाला हातांच्या खुर्चीत बसवायचं, छातीभोवती चादर बांधायची, दोघांनी पाठीकडून आणि दोघांनी पायांकडून धरायचं. शुद्ध हरपली असेल किंवा उलट्या होत असतील तर जाड चादरीची झोळी, माणूस कुशीवर, मान सरळ. हे ऐन वेळी जमत नाही. तेव्हा गणपतीच्या वर्गणीची मीटिंग लागली की मंडळाच्या पोरांकडून अर्धा तास मागून घे, एकाला खुर्चीत बसव आणि खालपर्यंत उतरवून दाखव. त्या दिवसांत लालबागच्या गर्दीतून ॲम्ब्युलन्सला वाट कोण काढून देणार, हेही त्याच मीटिंगमध्ये नावानिशी ठरवून घे.