पहिली मोहिनी

दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ हा मूकपट १९१३ साली मुंबईस प्रदर्शित झाला. त्यातील तारामतीची भूमिका साळुंके नावाच्या एका पुरुषाने केली होती; कारण स्त्रीने चित्रपटात काम करणे त्या काळी लज्जास्पद मानले जाई.

पुढे फाळके नाशिकास आले. तेथे त्यांनी ‘मोहिनी भस्मासुर’ हा चित्रपट काढला. त्यात दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची कन्या कमला मोहिनी झाली. भारतीय चित्रपटातील याच पहिल्या अभिनेत्री होत. कमला तेव्हा जेमतेम तेरा वर्षांची होती. मायलेकी फिरत्या नाटक मंडळीत कामे करून उदरनिर्वाह करीत. नाटकात वावरणाऱ्या स्त्रीला समाज हीन लेखी. परंतु त्या डगमगल्या नाहीत.

हीच कमला विवाहानंतर कमलाबाई गोखले झाली. पती अकाली वारल्यावर कमलाबाईंनी अभिनयाच्या बळावर तीन मुलांना वाढविले. त्यांपैकी चंद्रकांत नामवंत नट झाले, तर लालजी व सूर्यकांत यांनी तबलावादनात नाव मिळविले. कमलाबाईंच्या वाट्याला मोठे वैभव आले नाही. तथापि पुढे असंख्य स्त्रिया ज्या वाटेने सन्मानाने चालल्या, तिच्यावरील पहिली पावले या मायलेकींची होती.