अभिनेत्री व्हायचंय? आधी उधारीचा हिशेब मांडा

उल्हासनगर कॅम्प २ मधल्या पालकांचा प्रश्न ठरलेला असतो. "मुलगी म्हणते, सिरियलमध्ये काम करायचंय. त्यात पुढे काही आहे का?" माझं मत विचाराल, तर याचं उत्तर करिअर समुपदेशकापेक्षा गजानन मार्केटमध्ये गल्ल्यावर बसणारा माणूस नीट देऊ शकेल. कारण हा धंदा मुळात उधारीचा आहे.

मालिकेत नव्या कलाकाराचा रोजाचा दर ठरतो. महिन्यातले किती दिवस बोलावणार, हे कथानकावर अवलंबून. पैसे बहुतेक वेळा नव्वद दिवसांनी, टीडीएस कापून हातात येतात. म्हणजे जानेवारीत केलेल्या कामाचे पैसे एप्रिलच्या सुमारास. तोवर लोकलचा पास, रिक्षा, ऑडिशनचे कपडे, फोटो हे सगळं घरातून. त्यात 'ट्रॅक संपला', म्हणजे कथेतलं तिचं काम आटोपलं, असा निरोप आला, की पुढच्या महिन्यात बोलावणं शून्य. तेव्हा 'ती स्टार होईल का' हे विचारण्यात अर्थ नाही. 'वर्षभर कमाई झाली नाही तर घर तिला सांभाळेल का' हे विचारा. उत्तर 'नाही' असेल, तरी दार बंद होत नाही. पदवी घेत घेत, एखादी नोकरी धरून, हळू चालायचं.

फाळणीत सिंधमधून आलेल्या कुटुंबांच्या या गावाने अभिनेत्री साधनाची गोष्ट लक्षपूर्वक वाचावी. साधना शिवदासानी उल्हासनगरची नव्हे. पण तिचं कुटुंबही याच लोंढ्यात कराचीहून मुंबईला आलं. १९४१ चा जन्म. ती जयहिंद कॉलेजात शिकली. हे कॉलेजही कराचीहून आलेल्या प्राध्यापकांनीच १९४८ मध्ये उभं केलेलं. १९५८ च्या 'अबाणा' या सिंधी चित्रपटात ती शीला रमाणीची धाकटी बहीण झाली. पुढे शशधर मुखर्जींच्या फिल्मालयात रीतसर तयारी, आणि १९६० मध्ये 'लव्ह इन सिमला'. तिच्या कपाळावरच्या बटा सगळ्यांना आठवतात. आधीच्या तयारीचं मात्र कुणी सांगत नाही. शिवाय अभिनेते हरी शिवदासानी तिचे काका, हेही विसरू नका. ओळख उपयोगी पडते. हे उगाच नाकारून मुलांना फसवू नये.

'मेरे मेहबूब', 'वो कौन थी', 'वक्त', 'मेरा साया' अशी ओळीने नावं. मग थायरॉइडचं दुखणं, उपचारांसाठी बोस्टन, १९६९ मध्ये 'एक फूल दो माली' आणि 'इंतकाम'मधून पुनरागमन, १९७४ मध्ये स्वतः दिग्दर्शित केलेला 'गीता मेरा नाम'. तिथे नायिका म्हणून कारकीर्द जवळपास आटोपली. वय तेहतीसच्या आत-बाहेर. ती गेली २०१५ मध्ये, चौऱ्याहत्तराव्या वर्षी. म्हणजे अत्यंत यशस्वी कारकिर्दीनंतरही चाळीसेक वर्षं उरली! एवढं यश मिळवलेल्या नटीचं हे, तर इतरांनी विशीतच त्या उरलेल्या वर्षांची तजवीज का करू नये?

शिक्षण सोडावंच लागतं, असंही नाही. 'सैराट'ची नायिका, अकलूजची रिंकू राजगुरू, तो चित्रपट २०१६ मध्ये आला तेव्हा शाळेत होती. एवढ्या गर्दीगोंधळातही तिने २०१७ मध्ये दहावी आणि २०१९ मध्ये बारावी दिली, बारावीला ८२ टक्के मिळवून.

मुलगी लहान असेल, तर कायदा पालकांच्या बाजूने आहे, पण तो माहीत असायला हवा. २०१७ च्या सुधारित नियमांनुसार बालकलाकाराला दिवसात पाच तासांहून जास्त, किंवा विश्रांतीशिवाय सलग तीन तासांहून जास्त काम करायला लावता येत नाही. सलग २७ दिवसांपेक्षा अधिक काम नाही. चित्रीकरण जिथे होणार, त्या जिल्ह्याच्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी निर्मात्याने घ्यायची असते. कमाईतला किमान वीस टक्के भाग मुलीच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत गेलाच पाहिजे. 'नंतर बघू' म्हणणाऱ्या निर्मात्याकडे पाठवू नका.

आता त्या दुसऱ्या, दबक्या आवाजात विचारल्या जाणाऱ्या प्रश्नाकडे: "लाइन चांगली आहे ना?" लाइन जशी माणसं तशी. पण फसवणूक ओळखणं सोपं आहे. काम देण्याआधी जो पैसे मागतो, मग ते रजिस्ट्रेशनचे असोत, पोर्टफोलिओचे की कार्डाचे, त्याच्यापाशी काम नसतं. खरा को-ऑर्डिनेटर काम मिळाल्यावर मानधनातून कमिशन घेतो. ऑडिशन हॉटेलच्या खोलीत असेल, तर जायचंच नाही. सुरुवातीला घरचं कुणीतरी सोबत असावं. त्यात लाजण्यासारखं काही नाही.

अंतराचाही हिशेब करा. उल्हासनगरहून दादरला गाडी बदलून गोरेगाव, तिथून पुढे फिल्मसिटी, हा प्रवास दोन तासांच्या आसपासचा. ठाण्याच्या घोडबंदर रोडवरचे सेट त्यामानाने जवळ. बारा तासांच्या शिफ्टनंतर रात्री उशिरा पॅकअप झालं, तर घरी सोडायची सोय कोण करणार, हे होकार देण्याआधी विचारून घ्या.

आपल्याकडच्या मुलांकडे एक भांडवल असतं आणि त्यांना त्याची किंमत नसते. घरात सिंधी, गल्लीत हिंदी, शाळेत मराठी. उच्चार घासूनपुसून घेतले, तर डबिंगची कामं मिळू शकतात, आणि तिथे चेहऱ्याची अट नाही. प्रशिक्षण हवं असेल, तर पुण्याचं एफटीआयआय, पुणे विद्यापीठाचं ललित कला केंद्र, मुंबई विद्यापीठाची नाट्यकला अकादमी, दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय (एनएसडी). एनएसडी आणि एफटीआयआय पदवीनंतरच. त्यामुळे बारावीनंतर लगेच महागड्या तीन महिन्यांच्या अ‍ॅक्टिंग क्लासला धावण्यापेक्षा चांदीबाई किंवा तलरेजासारख्या जवळच्या कॉलेजात एफवायला प्रवेश घ्यावा. मुंबई विद्यापीठाच्या युवा महोत्सवाची तयारी पावसाळ्यातच सुरू होते. एकांकिका, मूकाभिनय, मिमिक्री, जे जमेल त्यात नाव द्यायचं. भूमिका मिळाली नाही, तर प्रकाशयोजना नाहीतर नेपथ्य सांभाळायचं.