आयरिस व तिच्या सुगंधाची राखण

डोळ्याच्या बुबुळास इंग्रजींत जें नांव आहे, तेंच एका फुलाचेंही नांव आहे : आयरिस. ग्रीक पुराणांत आयरिस ही इंद्रधनुष्याची देवता होय. आणि ह्या फुलाचे पांढरा, पिवळा, निळा, जांभळा असे नाना रंग पाहिले म्हणजे हें नांव सार्थ वाटतें. फुलाच्या तीन पाकळ्या वर उभ्या असतात व तीन खालीं झुकलेल्या असतात. ज्या जातींच्या झुकलेल्या पाकळ्यांवर दाट केंसांची रेघ असते, त्यांस दाढीवाल्या आयरिस म्हणतात. त्यांतील जुन्या सुवासिक जातींविषयीं विद्यार्थ्यांस व त्यांच्या पालकांस चार गोष्टी सांगण्याचें आम्ही योजिलें आहे.

वेखंडाचा वास त्याच्या जमिनींतील खोडांत असतो, हें आपणांस ठाऊक आहेच. आयरिस पॅलिडा ह्या जातीचा सुगंध मात्र दोन ठिकाणीं सांपडतो. हिचें मूळ स्थान एड्रियाटिक समुद्राकांठचा दाल्मेशिया प्रांत. हिच्या फिकट जांभळ्या फुलास पिकल्या द्राक्षांसारखा गोड वास येतो. दुसरा सुगंध तिच्या गड्ड्यांत असतो, पण तो सहजासहजीं हातीं लागत नाहीं. इटलींत फ्लॉरेन्सच्या आसपास शेतकरी हे गड्डे सुमारें तीन वर्षें वाढवितात, मग खणून, सोलून, वाळवून ठेवितात. ताज्या गड्ड्यास जवळजवळ वासच नसतो. आणखी तीनेक वर्षें ठेविल्यावर त्यास व्हायोलेट फुलासारखा मंद सुवास चढतो. ह्या सुवासाचा शोध घेतां घेतां टीमान व क्र्यूगर ह्या जर्मन रसायनशास्त्रज्ञांनीं १८९३ सालीं सिट्रलपासून व्हायोलेटच्या वासाचा आयोनोन हा पदार्थ तयार केला. हें सिट्रल आपल्या गवती चहाच्या तेलांतही असतें.

मग अशा जाती मागें कां पडल्या? केंब्रिज विद्यापीठांत शरीरशास्त्राचे प्राध्यापक असलेले सर मायकेल फॉस्टर ह्यांस आयरिसचा मोठा छंद होता. आशिया मायनरमधील मिशनरी मंडळींस पत्रें लिहून त्यांनीं तिकडील गड्डे मागविले. १८८५ च्या सुमारास तुर्कस्तानांतील अमास्या गांवाकडून आलेली ‘अमास’ ही जात मोठ्या फुलांची होती. युरोपांतील जुन्या लहान जातींच्या पेशींत बहुधा २४ गुणसूत्रें असतात, ह्या पाहुण्यांच्या पेशींत ४८ असल्याचें पुढें आढळून आलें. त्यांच्या संकरांतून भव्य फुलें निपजूं लागलीं. नव्या फुलांतही सुगंधी जाती पुष्कळ आहेत. परंतु निवड करतांना आकार व रंग ह्यांकडे अधिक लक्ष गेलें, आणि लहान जुनीं फुलें हळूहळू बागांतून निघून गेलीं.

येथें एक गोष्ट नीट समजून घेतली पाहिजे. आयरिसच्या बियांपासून झालेलें रोप आईसारखें निपजेलच असें नाहीं. जात जशीच्या तशी राखावयाची तर गड्ड्याचा तुकडाच लावावा लागतो. पॅरिसच्या लेमाँ नांवाच्या रोपवाटिकाकारानें १८४० सालीं पुढें आणलेली ‘ओनोराबिले’ ही पिवळी-तांबूस आयरिस आजही फुलते. ती त्या झाडाची संतति नव्हे. तेंच झाड तुकड्यातुकड्यानें, हातोहात, आपल्या काळापर्यंत आलें आहे. ह्या परंपरेंतील शेवटचा तुकडा कुजला तर ती जात पुन्हां कोणासही निर्माण करतां येणार नाहीं. नांवाची पाटी हरवली तर झाड जगूनही अनोळखी होतें. म्हणून १९२० सालीं स्थापन झालेली अमेरिकन आयरिस सोसायटी जातींच्या नांवांची नोंद ठेवीत आली आहे.

लागवडीची रीत सोपी, पण आपल्या हळद-आल्याच्या उलट आहे. हळद आपण मातींत पुरतों. आयरिसचा गड्डा खोल पुरला तर सडतो. निचऱ्याची व दिवसाकांठीं निदान ६ तास उन्हाची जागा निवडावी. मातीचा लहानसा वरंबा करून त्यावर गड्डा ठेवावा, मुळें दोन्ही बाजूंस पसरून मातीनें दाबावीं, आणि गड्ड्याची पाठ उघडी राहूं द्यावी. पानें अर्धीं कापावीं, म्हणजे मुळें धरण्यापूर्वीं झाड वाऱ्यानें हलत नाहीं. दोन झाडांत हातभर अंतर असावें. ताजें शेणखत गड्ड्यास लागूं देऊं नये. केळीचा खांब एकदां व्याला म्हणजे पुन्हां घड देत नाहीं, वंश मुनवे चालवितात. तसेंच फूल देऊन गेलेला गड्डा पुन्हां फुलत नाहीं, त्याचीं पिल्लें फुलतात. म्हणून दर ३-४ वर्षांनीं गड्डे उपटून, मऊ पडलेला भाग टाकून, पिल्लें निराळीं लावावीं. युरोपांत हें काम जुलै ते सप्टेंबर ह्या महिन्यांत करतात.

आपल्याकडे नेमके हेच पावसाचे महिने. गड्ड्यास कोरडी विश्रांति मिळत नाहीं, आणि हवी तेवढी थंडीही पडत नाहीं. त्यामुळें महाराष्ट्राच्या बहुतेक भागांत ही आयरिस सुखानें नांदत नाहीं. काश्मिरांत मात्र तिची बहीण, पांढरी सुवासिक आयरिस काश्मिरियाना, लोक आपल्या आप्तांच्या कबरींवर लावितात. माणसें गेलीं तरी तेथें फुलें दरसाल येतात.

आयरिस आपल्या अंगणांत नसली तरी तिनें शिकविलेलें काम आपल्या अंगणांत आहे. निशिगंध, कर्दळ, केळ ह्या आपण गड्ड्यांनीं वा मुनव्यांनींच वाढवितों. मोगऱ्याचीही कलमें करतों. घरीं एखादी जुनी जात असेल तर तिचें नांव व ती कोठून आली हें वडील माणसांस विचारून लिहून ठेवा, आणि तिचा एकेक तुकडा दोन शेजाऱ्यांस नांवासह द्या. जें एकाच घरीं आहे तें एका दुष्काळांत जातें. जें दहा घरीं वाटलें आहे तें एका घरचें गेलें तरी नऊ घरीं उरतें.