रुईवरील कीटक : ओळख आणि बंदोबस्त

पावसाळा सरत आला, की गावाबाहेरच्या पडीक जमिनीवर व शाळेच्या कुंपणालगत वाढलेल्या रुईवर नाना रंगांचे कीटक दिसू लागतात. हीच कीड उद्या पिकात उतरेल, अशी शंका शेतकऱ्याच्या मनात येते आणि फवारणीचा पंप बाहेर निघतो. त्याआधी झुडपाजवळ थांबून नीट पाहिले, तर बहुधा तो खर्च वाचतो.

रुईचा चीक कडू व विषारी असतो. गुरेही सहसा तिला तोंड लावीत नाहीत. हा चीक पचविणारे कीटक थोडे, आणि त्यांतील बरेचसे याच कुळातील वनस्पतींवर जगतात. बागेतील हळदीकुंकवाच्या झाडावरही तेच आढळतात.

कोवळ्या शेंड्यावर दाटी करणारा पिवळाधमक, काळ्या पायांचा मावा मुख्यतः रुई व कण्हेरीवरचा होय. कपाशीवरील मावा निराळ्या जातीचा. याच्या माद्या नराविना थेट पिलांना जन्म देतात, म्हणून त्याची संख्या झपाट्याने वाढते. मात्र त्यामागोमाग ढालकिडे येतात. विषारी औषध फवारल्यास हे मित्रकीटकही मरतात. बागेत उपद्रव वाढलाच, तर पाण्याचा जोरदार फवारा पुरतो.

काळे, पिवळे व पांढरे पट्टे आणि काळ्या मऊ शिंगांच्या तीन जोड्या असलेली अळी ‘बिबळ्या कडवा’ या फुलपाखराची. ती पिकाला मुळीच अपाय करीत नाही. जाळीचे झाकण असलेल्या बरणीत रोज ताजे पान देऊन ती वाढविल्यास उबदार हवेत अंड्यापासून फुलपाखरापर्यंतचा प्रवास ३ ते ४ आठवड्यांत वर्गातच पाहता येतो. पाठ्यपुस्तकातील आकृतीला ही जोड फारच मोलाची.

बोंडांवरील तांबडे-काळे ढेकूण पाहून कपाशी उत्पादकांची हमखास फसगत होते. कपाशीवरील लाल ढेकणाच्या डोक्यामागे पांढरी पट्टी व पोटावर पांढरे आडवे पट्टे असतात. रुईवरील ढेकणाला ते नसतात.

लक्ष ठेवावे ते रुईच्या टोळावर. पिवळ्या व निळसर हिरव्या पट्ट्यांचा हा देखणा टोळ संख्येने वाढला, की पपई, वांगी, वेलवर्गीय भाज्या यांच्या कोवळ्या रोपांवर येतो. त्याची पिले घोळक्याने राहतात. सकाळच्या गारव्यात ती सुस्त असताना वेचून साबणाच्या पाण्यात टाकावीत. डिवचल्यास ती अंगातून द्रवाची चिळकांडी उडवितात, तेव्हा तोंड दूर ठेवावे. मादी जमिनीत पुंजक्याने अंडी घालते. म्हणून बांधालगतची माती खणून उलथल्यास अंडी उघडी पडून नाश पावतात.

ग्रामपंचायतीने रस्त्याकडेच्या रुईवर औषध मारण्याचे ठरविल्यास आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. शनिवारी मारुतीला वाहावयाच्या माळांसाठी हीच पाने खुडली जातात, बहुधा मुलांच्या हातून. खुडताना चीक डोळ्यांत गेल्यास बुबुळाला इजा होऊ शकते. डोळा न चोळता स्वच्छ पाण्याने बराच वेळ धुवावा आणि दुखत नसले, तरी त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावा.